आदेश हातात, झेंडे बससमोर: तिरुवारप्पूचं पोलीस संरक्षण प्रकरण

केरळच्या कोट्टायम जिल्ह्यात कुमरकमजवळ तिरुवारप्पू नावाचं गाव आहे. २५ जून २०२३, रविवार. सकाळी तिथे एका खासगी बसमालकाला त्याच्याच उभ्या बसजवळ मारहाण झाली. मारणारा माणूस सीटू या कामगार संघटनेचा स्थानिक पुढारी आणि पंचायतीचा सदस्य होता. पोलीस तिथेच हजर होते. त्याआधी काहीच दिवस केरळ उच्च न्यायालयाने आदेश दिला होता, की या मालकाला बस चालवता यावी म्हणून पोलिसांनी संरक्षण द्यावं.

धंद्याच्या वादात धमक्या येतात, पोलीस दाद देत नाहीत, म्हणून माणूस उच्च न्यायालयात जातो, आदेश मिळवतो आणि सुटकेचा श्वास टाकतो. तिरुवारप्पूचं प्रकरण त्या श्वासानंतर सुरू होतं. इजा किती झाली एवढंच मोजायचं तर देशात रोज याहून भयंकर गोष्टी घडतात. पण न्यायालयाचा कागद आणि बसचं दार यांच्यामध्ये संरक्षण नेमकं कुठे सांडलं, हे इतक्या स्पष्टपणे दाखवणारं दुसरं प्रकरण माझ्या पाहण्यात नाही.

वाद कशाचा होता

वाद पगाराचा होता. मालकाच्या काही बस होत्या. संघटनेने कर्मचाऱ्यांसाठी वेतनवाढ मागितली. मालकाला ती सरसकट मान्य नव्हती. बोलणी फिसकटली आणि संघटनेने त्याच्या एका बससमोर झेंडे रोवले. केरळमध्ये झेंडा रोवणं ही कामगार आणि शेतमजूर चळवळीची जुनी रीत आहे. ज्या शेतावर, दुकानावर किंवा वाहनासमोर झेंडा लागला, तिथलं काम थांबलं, असं सगळ्या गावाला कळतं. या झेंड्यांच्या बळावर तिथल्या शेतमजुरांनी कधीकाळी माणसासारखी मजुरी मिळवली, हेही विसरून चालणार नाही. बस जागच्या जागी थांबली. मालकाने निषेध म्हणून बससमोर लॉटरीची तिकिटं विकायला सुरुवात केली आणि गावातला वाद राज्यभर पोचला.

दोन्ही बाजूंचे हक्क इथेच नीट वेगळे करून ठेवायला हवेत. पुढचा सगळा घोटाळा ते एकमेकांत मिसळल्यामुळे झाला.

कामगारांना संघटना बांधायचा, शांतपणे निदर्शनं करायचा आणि वेतनवाढ मागायचा हक्क आहे. मागणी रास्त आहे का, हे ठरवण्यासाठी त्या वेळी १९४७ चा औद्योगिक विवाद कायदा होता आणि कामगार अधिकाऱ्यासमोर तडजोडीची पद्धत होती. मालकाला व्यवसाय करायचा हक्क आहे. बसच्या बाबतीत तर तो हक्क आणखी ठोस असतो, कारण हातात परवाना असतो. १९८८ च्या मोटार वाहन कायद्याखाली मिळालेल्या परवान्यात मार्ग ठरलेला असतो, अटी ठरलेल्या असतात, आणि त्या मोडल्या तर परवाना रद्द होऊ शकतो. म्हणजे बस चालवणं ही त्याची मुभाही आहे आणि जबाबदारीही. रस्त्यावर वाट बघणारे प्रवासी या वादात कुणाच्याच बाजूला नसतात, पण खोळंबा त्यांचाही होतो.

पगार किती, हा प्रश्न उघडा होता. बस चालू शकते का, हा प्रश्न न्यायालयाच्या आदेशाने मिटला होता.

उच्च न्यायालयात जावं का लागतं

धमकी आली की पोलीस ठाण्यात जायचं, हे सगळ्यांना माहीत असतं. ठाण्यात गेल्यावर काय होतं, हे गेलेल्यालाच कळतं. 'बघून घेईन', 'दुकान उघडून दाखव', 'गाडी बाहेर काढलीस तर पाय मोडू' अशी तक्रार नोंदवली, की बहुतेक वेळा हातात 'एनसी' पडते, म्हणजे अदखलपात्र नोंद. यात पोलिसांचा आळस असतो तसा कायद्याचा आराखडाही असतो. २०२३ साली भारतीय दंड विधान लागू होतं. त्यात कलम ३२३ ची साधी दुखापत अदखलपात्र होती. कलम ५०६ ची धमकीही फौजदारी प्रक्रिया संहितेच्या मूळ परिशिष्टात अदखलपात्र होती. अशा गुन्ह्यात दंडाधिकाऱ्याच्या हुकमाशिवाय पोलिसांना तपास करता येत नाही. याउलट कुणाचा रस्ता अडवणं, म्हणजे कलम ३४१, हा दखलपात्र गुन्हा होता. शिक्षा किरकोळ, पण पोलिसांना लगेच हात घालता येईल असा. बस अडवली गेली तेव्हा किंवा पुढे मालकालाच अडवलं गेलं तेव्हा पोलिसांकडे काहीच अधिकार नव्हता, हे म्हणणं म्हणून टिकत नाही. दखलपात्र गुन्हा घडू नये म्हणून मध्ये पडणं हे पोलिसाचं कर्तव्य आहे, असं तेव्हाच्या फौजदारी संहितेचं कलम १४९ सांगत होतं. आजच्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १६८ तेच सांगतं.

पण ठाण्यातलं वास्तव वेगळं असतं. एका बाजूला एकटा व्यावसायिक, दुसऱ्या बाजूला संघटना, तिचा पक्ष, गावचं राजकारण. ठाणेदार म्हणतो, 'हा तुमचा आपसातला वाद आहे, कोर्टात जा.' मग माणूस राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका घेऊन उच्च न्यायालयात जातो आणि पोलिसांना त्यांचं काम करायला लावणारा हुकूम, म्हणजे मँडॅमस, मागतो.

केरळमध्ये ही वाट फार मळलेली आहे. पोलीस संरक्षणाच्या याचिका हा तिथल्या उच्च न्यायालयाचा नेहमीचा प्रकार. याचिका करणारे कंत्राटदार, दुकानदार, कारखानदार, बसमालक. समोर बहुधा एखादी संघटना किंवा आंदोलन समिती. त्यातली एक जुनी तक्रार 'नोक्कुकूली'ची, म्हणजे मशीनने किंवा मालकाच्याच माणसांनी माल उतरवला तरी नुसतं बघत उभ्या राहिलेल्यांना द्यावी लागणारी मजुरी. सरकारने १ मे २०१८ पासून तिच्यावर बंदी घातली, तरी पुढची काही वर्षं उच्च न्यायालयाला त्याच तक्रारी ऐकाव्या लागल्या.

या वाटेला मर्यादाही आहे, आणि तीही केरळमधूनच आलेल्या एका प्रकरणात ठरली. एका मठाच्या अधिपतिपदावरून वाद होता. त्यातल्या पोलीस संरक्षणाच्या याचिकेवर २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती एस. बी. सिन्हा आणि पी. के. बालसुब्रमण्यन यांनी बजावलं, की हक्कच वादात असेल तर तो आधी दिवाणी न्यायालयात सिद्ध करा. संरक्षणाच्या नावाखाली रिट याचिकेतून दिवाणी दावा निकाली काढून घेता येणार नाही. हा इशारा मला योग्य वाटतो. नाहीतर जमिनीच्या प्रत्येक भांडणात जो आधी उच्च न्यायालयात पोचेल त्याच्या बाजूने पोलीस उभे राहतील. आपल्याकडे भागीदारी, भाडेकरू किंवा सातबाऱ्याच्या वादात हा मुद्दा पहिल्याच तारखेला निघतो. तिथे आधी दिवाणी न्यायालयातून दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ३९ खाली मनाई हुकूम घ्यायचा आणि तो मोडला जात असेल तर त्याच न्यायालयाकडे पोलीस मदत मागायची, हा रस्ता जास्त भक्कम असतो.

तिरुवारप्पूच्या मालकाला ही अडचण नव्हती. बस त्याची, परवाना त्याचा. आदेश मिळाला.

ती सकाळ

आदेश मिळाला तरी झेंडे जागेवरच होते. बस काढायची तर ते आधी हलवायला हवे होते. मालक स्वतः ते काढायला पुढे झाला आणि तिथे त्याच्यावर हात उगारला गेला. पोलीस जवळ होते. दृश्यं कॅमेऱ्यात आली आणि दिवसभर मल्याळी वाहिन्यांवर फिरत राहिली.

मला या सगळ्यातली सर्वात महत्त्वाची गोष्ट झेंड्याला कुणाचा हात लागला, ही वाटते. अडथळा दूर करून बसला वाट करून देणं हे आदेश राबवण्याचं काम होतं, आणि ते पोलिसांचं होतं. ते याचिकाकर्त्यावर पडलं. मालकाने झेंड्याला हात घातला त्या क्षणी न्यायालयाच्या आदेशाची अंमलबजावणी संपली आणि रस्त्यावरचं भांडण सुरू झालं. संघटनेच्या लोकांना आता न्यायालयाशी नव्हे, आपला झेंडा उपटणाऱ्या माणसाशी भिडायचं होतं. ते त्यांना सोपं होतं.

पोलीस मध्ये का पडले नाहीत? भीती, राजकीय दडपण, संघटनेशी जवळीक, अशी कारणं लोक देतात, आणि ती वेगवेगळ्या ठिकाणी खरी असतीलही. पण याहून साधं आणि सगळीकडे सापडणारं एक कारण आहे. अशा आदेशांत बहुधा 'पुरेसं संरक्षण द्यावं', 'कायदा व सुव्यवस्था राखावी' अशी वाक्यं असतात. ठाण्यातला अधिकारी ती वाचतो आणि त्याला सवयीचा एक शब्द सुचतो: बंदोबस्त. बंदोबस्त म्हणजे हजर राहायचं, दोन्ही गटांवर लक्ष ठेवायचं, प्रकरण हाताबाहेर जाऊ द्यायचं नाही. मोर्चा किंवा मिरवणुकीसाठी ही भूमिका बरोबर आहे, कारण तिथे पोलिसांनी कुणाची बाजू घ्यायची नसते.

संरक्षणाचा आदेश आला की ही भूमिका पुरत नाही. पगाराच्या प्रश्नावर पोलिसांनी तटस्थच राहायला हवं. त्यांनी त्यात तोंडही घालू नये. पण बस निघू शकते की नाही, यावर त्यांची तटस्थता संपलेली असते. तो निर्णय न्यायालयाने दिलेला असतो आणि तो पार पाडणं एवढंच उरलेलं असतं. दोन गटांच्या मध्ये समान अंतरावर उभा राहिलेला पोलीस अशा वेळी नकळत अडवणाऱ्याच्या बाजूचा होतो, कारण काहीच न घडणं म्हणजे बस उभी राहणं, आणि अडवणाऱ्याला तेच हवं असतं.

अवमानाची सुनावणी

उच्च न्यायालयाने स्वतःहून अवमानाची कारवाई सुरू केली. न्यायमूर्ती एन. नगरेश यांच्यासमोर जुलै २०२३ मध्ये सुनावणी झाली आणि ती गाजली. ती चापट बसमालकाला नव्हे, उच्च न्यायालयालाच बसली आहे, अशा आशयाचे त्यांचे शब्द सर्वत्र छापून आले. त्यांनी जिल्ह्याचे पोलीस अधीक्षक आणि कुमरकम ठाण्याचे प्रमुख यांना बोलावून घेतलं. तिथे किती पोलीस होते, हल्ला होत असताना ते काय करत होते, असे सरळ प्रश्न विचारले. पुढे संघटनेच्या त्या पुढाऱ्याने न्यायालयात बिनशर्त माफी मागितली.

अवमानाच्या कायद्याबद्दल लोकांच्या अपेक्षा फार मोठ्या असतात, म्हणून त्याची खरी ताकद सांगायला हवी. १९७१ च्या कायद्याच्या कलम १२ प्रमाणे जास्तीत जास्त शिक्षा सहा महिन्यांची साधी कैद किंवा दोन हजार रुपये दंड, किंवा दोन्ही. आरोपीने न्यायालयाचं समाधान होईल अशी प्रामाणिक माफी मागितली, तर शिक्षा माफ होऊ शकते. कलम २० प्रमाणे अवमान घडल्यापासून एका वर्षाच्या आत कारवाई सुरू व्हायला हवी. हा कायदा न्यायालयाचा अधिकार जपण्यासाठी आहे. मार खाल्लेल्या माणसाचं त्यातून फारसं भरून निघत नाही, आणि माफी तर न्यायालयाकडे मागितलेली असते. मालकाला त्या सकाळी जे हवं होतं, म्हणजे सुखरूप बस काढणं, ते जुलैतल्या कुठल्याही सुनावणीने परत येणार नव्हतं.

मूळ वाद मात्र कामगार खात्याच्या मध्यस्थीने हल्ल्यानंतर काही दिवसांतच मिटला. कर्मचाऱ्यांनी मालकाच्या वेगवेगळ्या बसवर आळीपाळीने काम करावं, म्हणजे वाढीव पगाराचा लाभ सगळ्यांना मिळेल, असा तोडगा निघाला. तो आधीही निघू शकला असता. कामगार अधिकाऱ्याचं टेबल तेव्हाही तिथेच होतं.

केरळमधल्या आणखी दोन प्रकरणांतही हाच क्रम दिसतो. कण्णूर जिल्ह्यातल्या मातमंगलम इथे एका हार्डवेअर दुकानदाराने आपल्याच माणसांकडून माल चढवण्या-उतरवण्यासाठी न्यायालयाचा आदेश मिळवला होता. संघटनेने दुकानासमोर ठाण मांडलं, गिऱ्हाईक फिरकेना, आणि २०२२ च्या सुरुवातीला दुकान बंद झालं. माल उतरवायचा हक्क शाबूत होता, पण गिऱ्हाइकाच्या मनातल्या भीतीला कुठला आदेश लागू होणार? तेही शेवटी कामगार खात्याच्या बैठकीत मिटलं. त्याच वर्षी तिरुवनंतपुरमजवळच्या विळिंजम बंदराच्या कामासाठी कंपनीने संरक्षण मागितलं आणि न्यायमूर्ती अनु शिवरामन यांनी १ सप्टेंबरला ते मंजूर केलं. पण प्रवेशद्वारासमोरचा मच्छीमारांचा मांडव हलला नाही. नोव्हेंबरच्या अखेरीस तिथल्या पोलीस ठाण्यावर हल्ला झाला आणि डिसेंबरमध्ये मुख्यमंत्र्यांशी बोलणी झाल्यावर आंदोलन थांबलं. त्या मच्छीमारांचे प्रश्न खरे होते. किनारा खचत होता, घरं जात होती. म्हणूनच संरक्षणाच्या आदेशाकडून वाद मिटवण्याची अपेक्षा धरू नये, असं मला वाटतं. वाद मिटेपर्यंत कुणाला इजा होऊ नये आणि कायदेशीर काम थांबू नये, एवढंच त्याचं काम. पण तेवढं तरी त्याने पुरं करावं.

आपल्याकडे हे कसं लागू पडतं

महाराष्ट्रात माथाडी कामगारांसाठी १९६९ चा कायदा आहे, आणि त्याने हमालांना जे दिलं ते मोलाचं आहे. त्याच कायद्याचं नाव घेऊन कारखान्यांकडून खंडणी उकळणाऱ्या टोळ्यांच्या तक्रारी चाकणसारख्या औद्योगिक पट्ट्यातून वर्षानुवर्षं येत आहेत. बीड जिल्ह्यातल्या मस्साजोगचं प्रकरण तर सगळ्यांच्या मनावर कोरलेलं आहे. पवनऊर्जा कंपनीकडे खंडणीची मागणी, ६ डिसेंबर २०२४ ला कंपनीच्या जागेवर सुरक्षा रक्षकाला मारहाण, मध्ये पडलेले सरपंच संतोष देशमुख, आणि ९ डिसेंबरला त्यांची हत्या. खंडणीला अडसर ठरल्यामुळे ही हत्या झाली, असं तपास यंत्रणेचं आरोपपत्र सांगतं. खटल्यात काय सिद्ध होतं ते न्यायालय ठरवेल. मारहाण आणि हत्या यांच्यामध्ये तीन दिवस होते. धमकीची दखल किती लवकर घ्यावी लागते, हे त्यावरून कळतं.

आपल्याकडे स्वखर्चाने पोलीस मागायची सोय महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ४७ मध्ये आहे. त्यातून बिल्डर आणि बड्या मंडळींच्या दिमतीला पोलीस राहिले, पैसे थकले, आणि मुंबई उच्च न्यायालयात त्यावर जनहित याचिका चालली. पोलिसांना खासगी रखवालदार बनवू नका, हा २०१७ मधल्या त्या सुनावणीतला मुख्य न्यायमूर्ती मंजुळा चेल्लूर यांच्या बोलण्याचा रोख होता. तो रास्तच होता. पण छोटा दुकानदार किंवा दोन टेम्पोंचा मालक शुल्क भरून पोलीस ठेवू शकत नाही, आणि खरी धमकी बहुधा त्यालाच येते. त्याने याचिकेत पहिल्याच परिच्छेदात आपली ऐपत आणि धोक्याचं स्वरूप मांडून शुल्कमाफी मागावी.

गुन्हा दाखल झाला असेल तर आणखी एक दार आहे. ५ डिसेंबर २०१८ ला सर्वोच्च न्यायालयाने साक्षीदार संरक्षण योजना देशभर लागू केली. जिल्हा व सत्र न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालच्या समितीकडे अर्ज करायचा. पोलीस उपअधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याने पाच कामाच्या दिवसांत धोक्याचा अहवाल द्यायचा. संरक्षण एका वेळी तीन महिन्यांपर्यंत. त्यासाठी उच्च न्यायालय गाठायची गरज नाही. मात्र ही योजना सात वर्षं किंवा त्याहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांना धरून बेतलेली आहे, त्यामुळे किरकोळ धमकी किंवा साधी मारहाण तिच्यात बसत नाही. जुन्या दंड विधानातली साधी खंडणी तीन वर्षं शिक्षेची होती. भारतीय न्याय संहितेच्या कलम ३०८ मध्ये ती सात वर्षांपर्यंत गेली आहे. म्हणून पैसे मागितले गेले असतील तर तक्रारीत ते स्पष्ट लिहिणं, आणि 'एनसी'वर समाधान न मानता खंडणीचा गुन्हा नोंदवण्याचा आग्रह धरणं, याला आता जास्त अर्थ आहे.

आणि उच्च न्यायालयात गेलाच, तर याचिकेच्या शेवटी 'पुरेसं संरक्षण मिळावं' एवढंच लिहून थांबू नका. कोणत्या दिवशी, किती वाजता, कोणतं काम करायचं आहे ते लिहा: पहाटेची पहिली फेरी, गोदामात येणारा ट्रक, दुकानाचं शटर. अडथळा पोलिसांनी स्वतः दूर करावा, याचिकाकर्त्याने त्याला हात लावू नये, असं आदेशात नमूद करून घ्या. निदर्शनं बंद करायला सांगू नका. ती किती अंतरावर व्हावीत एवढं ठरवून मागा, न्यायालय ते सहसा देतं आणि समोरच्यांचा हक्कही राहतो. जबाबदार अधिकारी कोण, हे पदानिशी लिहून घ्या, म्हणजे उद्या 'मला कळवलंच नव्हतं' असं कुणी म्हणणार नाही. चित्रीकरण पोलिसांनी करावं. वेतन किंवा पैशाच्या मूळ वादासाठी कामगार अधिकाऱ्यापुढे किंवा दिवाणी न्यायालयात त्याच आठवड्यात अर्ज टाका आणि त्याची प्रत याचिकेला जोडा. आदेश राबवला की नाही याचा अहवाल पोलिसांनी न्यायालयाला द्यावा म्हणून आठवड्याच्या आतली तारीख मागा. ही तारीख बहुतेक वकील मागायला विसरतात. ती पहिल्याच सुनावणीत मागून घ्या.